डूलाली ठरवलेल्या आबांची इर्जिक

पोलीस खात्यातल्या नोकरीत ऐकलेल्या तक्रारी आता बहुतेक एकमेकींत मिसळून गेल्या आहेत. वेल्हे ठाण्यात एका पावसाळी सकाळी ऐकलेली एक तक्रार मात्र आजही शब्दान् शब्द आठवते.

मी तेव्हा सहायक पोलीस निरीक्षक होतो आणि ठाण्याचा प्रभार माझ्याकडे होता. आषाढ चालू होता. शनिवार-रविवारी गडावर आणि धबधब्यांवर येणाऱ्या पर्यटकांचा बंदोबस्त संपला, की सोमवारी ठाण्याला जरा उसंत मिळायची. हजेरी झाली होती, रात्रपाळीने चार्ज दिला होता आणि ठाणे अंमलदार स्टेशन डायरी लिहीत होते. एवढ्यात डोक्यावरची प्लास्टिकची खोळ दारात झटकून पन्नाशीची एक बाई आत आली.

"सायेब, इर्जिक मोडल्याची तक्रार घेता का हितं?"

अंमलदारांनी हसू दाबलं. "मावशी, त्याचं कलम अजून निघालेलं नाही."

"मग काढा की. आमी थांबतो," असं म्हणून ती बाकावर बसली.

मी तिला आत बोलावलं. ठाण्यात आलेल्या माणसाचं म्हणणं कितीही वेडंवाकडं वाटलं तरी ते पूर्ण ऐकायचं, ही शिस्त मला पहिल्या पोस्टिंगला एका वयस्क फौजदारांनी लावली होती. पोलिसाचं तोंड बघूनच निम्मं बोलणं लोकांच्या घशात अडकतं. उरलेलं निम्मं आपण मध्येच प्रश्न विचारून मारून टाकतो. म्हणून मी चहा सांगितला आणि गप्प बसलो.

बाई पासलीच्या अलीकडच्या एका वाडीतली होती. तिच्या शेजारी एक म्हातारे राहायचे, त्यांना सगळे आबा म्हणत. लष्करात ट्रक चालवून निवृत्त झालेले, बायको वारलेली, मूलबाळ नाही. रस्त्याला लागून भाताची चांगली खाचरं होती आणि घरही वाडीपासून जरा बाजूला, त्या खाचरांतच. महिन्याभरापूर्वी त्यांचा पुतण्या तिथे राहायला आला होता. तो पुण्यात वाढलेला, काही वर्षं इंग्लंडमध्ये नोकरी करून परतलेला. काकांचं वय झालं, त्यांची काळजी घ्यायला आलोय, असं तो सगळ्यांना सांगायचा.

इर्जिक म्हणजे काय, हे घाटाखालच्या आणि शहरातल्या वाचकांसाठी सांगतो. भातलावणी एका घराच्या हातांनी उरकत नाही. म्हणून वाडीतली सगळी घरं मिळून आज एकाच्या खाचरात उतरतात, उद्या दुसऱ्याच्या. कुणी कुणाला मजुरी देत नाही. ज्याची लावणी असेल त्याने सगळ्यांना पोटभर जेवू घालायचं आणि आपणही दुसऱ्याच्या लावणीला जायचं. आदल्या दिवशी घरधनी स्वतः प्रत्येकाच्या दारात जाऊन बोलावतो. फोन करून कुणी बोलावत नाही. मोडायची वेळ आली, तर तेही दारात जाऊनच सांगायचं.

"आबा गुरवारी सांजच्याला आले आमच्या दारात," बाई सांगू लागली. "म्हनले, उद्या माझ्याकडं या, डाळ भिजत घातलीय. म्या म्हनलं, नुसती डाळ? तर म्हनले, तुझ्यासाठी सुकं बोंबील बी हायेत. मग फुडच्या आळीला गेले. ते तिकडं चहा पीत बसलेत, आन हिकडं आमच्या मालकांच्या मोबाईलवर त्या पुतन्याचा फोन. उद्याचं काम कॅन्सल आहे, मजूर नकोत, बाकीच्यांना पण सांगा. मजूर म्हनला आमाला."

"मग तुम्ही आबांना विचारलं नाहीत?"

"न्हाई सायेब. आमाला लई राग आला. मोडायची तर आबांनी दारात यायला पायजे हुतं. मालक म्हनले, यील त्याला गरज असंल तर. आमी समदीच रुसून बसलो."

शुक्रवारी त्या घराकडे कुणी फिरकलं नाही. संध्याकाळी गोठ्यातली म्हैस ओरडायची थांबेना, म्हणून ही बाई गेली. घराला कुलूप होतं, म्हैस उपाशी होती. दिवस मावळता पुतण्या गाडीतून एकटाच परतला. काका पहाटे अचानक डूलाली झाले, त्यांना पुण्याला ॲडमिट केलंय, असं म्हणाला. कुठल्या दवाखान्यात, ते सांगेना.

"काय झाले म्हणालात?"

"डुलाली का कायतरी. म्या म्हनलं, म्हंजी काय? तर डोस्क्यापाशी बोट फिरवलं आन म्हनला, तुमाला न्हाई कळायचं." तिने चहाचा कप खाली ठेवला. "सायेब, आबा येडं झालेलं न्हाईत. ते कुठं हायेत तेवढं आमाला सांगा. आमी रुसलो नसतो तर समदी जनं फटफटतानाच त्यांच्या दारात असतो."

तिची खरी तक्रार या शेवटच्या वाक्यात होती. मी तिचा अर्ज नोंदवून घेतला आणि चौकशीसाठी पुतण्याला बोलावणं पाठवलं.

तो दुपारी आला. तिशी ओलांडलेला, नीटनेटका, बोलायला गोड. ठाण्यात आलेल्या माणसाची साधारण एक चाल असते. निरपराध माणूससुद्धा जरा बिचकतो. हा मात्र एखाद्या बँकेत आल्यासारखा आला, खुर्ची पुढे ओढून बसला आणि पावसाबद्दल बोलू लागला. आमचे लेखनिक हवालदार जबाब लिहायला बसले.

"सर, सिम्पल आहे," तो म्हणाला. "अंकल गेले काही आठवडे डूलालीच होत चाललेत. चष्मा कपाळावर आणि शोधतायत घरभर. पूर्ण डूलाली."

"पुढे?"

"मग चिडायचे. मी म्हटलं, हे शेत आता झेपत नाही तुम्हाला, विकून टाकू, पुण्यात फ्लॅट घेऊ. तर एकदम डूलाली झाले. विळा घेऊन बाहेर गेले."

"कुणावर धावून गेले?"

"नाही, गवत कापायला. पण तो मूड बघायला हवा होतात तुम्ही. त्यांचा तो पाण्याचा पंप आहे ना, तो पण डूलाली आहे, अंकलसारखाच." तो स्वतःच हसला. "सकाळी चारला उठून म्हशीशी गप्पा. मला तर वाटलं, या घरात राहून मीच डूलाली होईन."

हवालदारांनी पेन थांबवलं. "साहेब, हे काय लिहू? देवळाली झाले, असं लिहू का?"

"जसं बोलतायत तसं लिहा."

"मला तर देवळालीच ऐकू येतंय," हवालदार पुटपुटले आणि लिहू लागले.

शुक्रवारची हकीकत त्याने अशी सांगितली. पहाटे पाचच्या सुमारास काका अचानक ओरडत उठले, त्याला ओळखेनात, भिंतीवर डोकं आपटू लागले. त्याने कसंबसं त्यांना गाडीत घातलं आणि पुण्यातल्या एका खाजगी दवाखान्यात नेलं. दवाखान्याचं नाव विचारलं, तर पेशंटची प्रायव्हसी असते, म्हणाला. कागद मागितले, तर उद्या वकिलामार्फत देतो, म्हणाला. आजारी माणसाच्या नातेवाइकाला एकदम गुन्हेगारासारखं वागवणं योग्य नव्हतं. मी त्याला दुसऱ्या दिवशी सकाळी कागद घेऊन यायला सांगून सोडलं.

तो गेल्यावर मी जबाब पुन्हा वाचला आणि त्या एका शब्दापाशी अडखळलो. माणूस विसरला तर डूलाली, रागावला तर डूलाली, पंप बंद पडला तर डूलाली, स्वतःला कंटाळा आला तरी डूलाली. त्या एका पहाटेखेरीज काकांनी नेमकं काय केलं, हे त्या पानात कुठेच नव्हतं.

आमच्या घरात पदवीपर्यंत पोहोचलेला मी पहिलाच. वडील तालुक्याच्या बाजार समितीत हमाल होते. इंग्रजी हा माझ्यासाठी डोंगर होता आणि तो चढायला मला कॉलेजातल्या इंग्रजीच्या सरांनी हात दिला. परीक्षेच्या आधी ते मला आपल्या घरी बसवून शिकवायचे, वर सरांच्या पत्नी जेवायला वाढायच्या. सर आता ऐंशीच्या घरात आहेत. आजही अडलं की मी त्यांनाच फोन करतो. त्या संध्याकाळीही केला.

"डूलाली?" सर फोनवर खळखळून हसले. "अरे, तो शब्द तर आपल्या नाशिकचा. देवळालीचा."

मी हवालदारांकडे बघितलं. तोवर मी फोन स्पीकरवर टाकला होता. हवालदारांच्या चेहऱ्यावर असा काही आनंद पसरला, की दोन दिवस तो उतरला नाही.

सरांनी सविस्तर सांगितलं. इंग्रजांच्या काळात मुदत संपलेल्या गोऱ्या शिपायांना देवळालीच्या छावणीत आणून ठेवायचे. तिथून मुंबईला आणि मग बोटीने विलायतेला. पण बोट ठरावीक मोसमातच सुटायची. तोवर महिनोन् महिने कवायत नाही, काम नाही, नुसतं बसायचं. ऊन, ताप, दारू आणि रिकामपण यांनी काहींची डोकी फिरायची. मग शिपाई आपसात म्हणू लागले, अमक्याला देवळालीचा ताप चढला. त्यांच्या जिभेवर देवळालीचं डूलाली झालं आणि बोटीत बसून ते विलायतेला गेलं.

"आणि आता त्याचा अर्थ काय, सर?"

"आता काहीही. आजोबा विसरभोळे झाले तरी डूलाली, आई मुलांवर ओरडली तरी डूलाली, सामना जिंकला म्हणून गर्दी नाचायला लागली तरी डूलाली, घड्याळ मागे पडलं तरी डूलाली. थट्टेत म्हणतात, प्रेमाने म्हणतात, हिणवायलाही म्हणतात. एवढं लक्षात ठेव, कुठलाही डॉक्टर तो शब्द केसपेपरवर लिहीत नाही. तुझ्या जबाबात तो किती वेळा आलाय?"

"जवळजवळ दर वाक्यात."

"मग तो काढून घे आणि काय उरतं ते बघ. आम्ही निबंध तपासताना हेच करायचो."

सरांचा फोन ठेवला आणि मी बीटच्या हवालदारांना पुतण्याची सगळी माहिती काढायला पाठवलं. हे हवालदार मार्गासनीचे जावई. पंचक्रोशीत कुणाच्याही ओसरीवर त्यांना चहा मिळायचा. सकाळी ते बातमी घेऊनच आले. आबांची खाचरं सपाट करायला पुतण्याने जेसीबी ठरवला होता आणि तो याच गुरुवारी यायचा होता. जमीन बघायला पुण्याची पार्टीही त्याच दिवशी येणार होती. काकांच्या सहीचं कुलमुखत्यारपत्र आपल्याकडे आहे, असं पुतण्या जेसीबीवाल्याला म्हणाला होता. त्या पत्राच्या जोरावर पुतण्या आबांच्या नावाने व्यवहार करू शकत होता.

ज्यांनी भातशेती पाहिलेली नाही त्यांना यातली निकड कळायची नाही. भाताचं खाचर म्हणजे पिढ्यान् पिढ्या सांभाळलेले बांध आणि पाणी अडवायची उतरंड. एकदा त्यावरून यंत्र फिरलं की ते खाचर उरत नाही, नुसती जमीन उरते. आणि एकदा लावणी झाली, की दिवाळीपर्यंत तिथे पाऊल टाकायला कुणी धजत नाही. म्हणजे पुतण्याला लावणीच होऊ द्यायची नव्हती. आबा कुठे आहेत आणि गुरुवारच्या आत परत येतात का, यावर सगळं अवलंबून होतं.

मंगळवारी सकाळी पुतण्या आला. कागद आणले नव्हते. वकील बाहेरगावी आहेत, म्हणाला.

"हरकत नाही," मी म्हटलं. "आज आपण कालचाच जबाब पुन्हा घेऊ. फक्त एक अट. डूलाली हा शब्द वापरायचा नाही. काका काय बोलले, त्यांनी काय केलं, तेवढंच सांगायचं."

तो हसला. "दॅट्स फनी, सर. बरं. अंकल... म्हणजे... विसरायचे."

"काय विसरायचे?"

"चष्मा."

"आणखी?"

"असं एकदम आठवत नाही."

"कधी रस्ता चुकले? गॅस चालू ठेवला? तुमचं नाव विसरले?"

"नाही, तसं... पण ओव्हरऑल बघितलं तर ते..." तो थांबला. तोंडापर्यंत आलेला शब्द त्याने गिळला. लेखनिक हवालदार पेन उचलून वाट बघत होते. कागद कोरा होता.

मी विषय बदलला. "गुरुवारी संध्याकाळी घरी काय चाललं होतं?"

"काही विशेष नाही. अंकल गावात फिरायला गेले होते."

"दुसऱ्या दिवशी शेतात काही काम होतं?"

"ते लेबर येणार होतं, भात लावायला. मी कॅन्सल केलं." हे त्याने सहज सांगितलं. त्याच्या लेखी मजूर नको म्हणणं ही सांगण्यासारखी किंवा लपवण्यासारखी गोष्टच नव्हती.

"कधी कॅन्सल केलंत?"

"गुरुवारी संध्याकाळी. फोन करून."

"का?"

"का म्हणजे?"

"काका शुक्रवारी पहाटे पाचला अचानक बिघडले, असं तुम्ही काल सांगितलंत. त्यावर तुमची सही आहे. मग शुक्रवारचं काम गुरुवारी संध्याकाळीच का मोडलंत?"

त्याच्या चेहऱ्यावरचं हसू तसंच राहिलं, पण डोळे हलायचे थांबले. मी अशी कितीतरी माणसं पाहिली आहेत. खोटं पकडलं जातं त्या क्षणी माणूस ओरडत नाही, घामही लगेच येत नाही. तो फक्त स्थिर होतो.

"काकांनीच सांगितलं होतं मला, कॅन्सल कर म्हणून," तो म्हणाला.

"काका त्या वेळी पुढच्या आळीत चहा पीत लोकांना इर्जिकेला बोलावत होते. त्यांना चहा देणारं घर आहे आणि तुमचा फोन ज्यांना आला तेही आहेत. शिवाय इथे कुणी इर्जिक फोनवर मोडत नाही. काका ती मोडणार असते, तर स्वतः दारात गेले असते."

"मला ते... मला माहीत नव्हतं."

"ते खरं आहे," मी म्हटलं. "तुम्हाला एवढंच माहीत होतं, की लोक फटफटताना दारात येऊन उभे राहिले तर काकांना नेता येणार नाही."

त्याने पाणी मागितलं. लेखनिक हवालदारांनी स्वतः उठून त्याला पाणी दिलं आणि मायेने म्हणाले, "बोला आता. शब्द कुठलाही वापरा. मी लिहितो."

तो बोलला. काकांनी कुलमुखत्यारपत्रावर सही केलीच नव्हती. ती त्याने स्वतः केली होती. महामार्गापासून आत, एका भाड्याच्या बंगल्यात काही लोक व्यसनमुक्ती केंद्र चालवत होते. हा दारुडा आहे आणि डोक्यावर परिणाम झालाय, असं सांगून त्याने काकांना तिथे दुसऱ्याच नावाने ठेवलं होतं. केंद्राची दोन माणसं पहाटे गाडी घेऊन आली होती. आबा ओरडले होते. पण त्यांचं घर खाचरांत एका बाजूला आणि शेजारी सगळे घरी रुसून बसलेले.

गुन्हा नोंदवला, त्याला ताब्यात घेतलं, वरिष्ठांना कळवलं. केंद्र आमच्या हद्दीत नव्हतं, म्हणून तिथल्या ठाण्याला फोन करून त्यांची कुमक मागितली. आमची जीप नसरापूरवरून महामार्गाला लागली आणि किकवी मागे टाकून पुढे गेली. वाटेत मी दोन्ही हवालदारांना बजावलं, की आत गेल्यावर आधी म्हाताऱ्यांच्या अंगावर कुठे वळ आहेत का ते बघा, बाकी बोलणं नंतर.

बंगल्याच्या हॉलमध्ये पंधरा-वीस माणसं भिंतीला टेकून बसली होती. दाराला बाहेरून कडी, खिडक्यांना नवे गज. केंद्र चालवणाऱ्याकडे परवाना नव्हता, डॉक्टर कोण तेही धड सांगता येईना. आबा एका कोपऱ्यात होते. डोक्याचा गोटा केलेला, अंगात कुणाचा तरी ढगळ शर्ट. मनगटावर दोरीचा वण होता. ते शेजारच्या तरुणाला त्याची उसवलेली पिशवी शिवून देत होते.

मी नाव सांगितलं. त्यांनी उठून ताठ उभं राहून नमस्कार केला आणि विचारलं, "साहेब, तिकडं पाऊस कसाय? माझी रोपं पिवळी पडली का?"

"तुमच्या शेजारणीने तुम्हाला शोधायला पाठवलंय."

"ती?" आबा म्हणाले. "तिला बोंबील घातल्याबिगर आता काय खरं न्हाई."

सरकारी रुग्णालयात मानसोपचारतज्ज्ञ तरुण बाई होत्या. त्यांनी रीतसर तपासणी केली. आजचा वार कोणता, शंभरातून सात वजा करत जा, हे सगळं विचारलं. आबांनी वार सांगितला, वजाबाकी केली आणि वर म्हणाले, "बाई, तुमी बी दमला असाल. सकाळपास्नं किती येड्यांना मोजलंत?" डॉक्टर हसल्या आणि त्यांनी लिहिलं, पूर्ण भानावर, स्मृती उत्तम.

परतताना जीपमध्ये मी त्यांना त्या शब्दाची गोष्ट सांगितली. आबा ऐकत राहिले. मग म्हणाले, "साहेब, म्या देवळालीलाच हुतो की. ट्रक चालवायचो. तिथं कामावर असलेलं कोन येडं झालेलं म्या पाह्यलं न्हाई. हितं ह्या बंगल्यात मातुर झालो असतो. चार दिस नुसतं भितीकडं बघत बसवलंय. पिशव्या शिवून काढल्या म्हनून टिकलो." पुतण्याबद्दल त्यांनी फक्त एकदा विचारलं, "त्याला मारलं न्हाई ना तुमी?" मी नाही म्हटलं. "बरं केलंत. भावाचा हाय."

वाडीत पोचलो तेव्हा दिवस मावळायला आला होता. ती बाई आपल्या अंगणात उभी होती, पण पुढे आली नाही. आबा घरी गेले नाहीत. तसेच गोटा केलेल्या डोक्याने, ढगळ शर्टात, तिच्या दारात जाऊन उभे राहिले.

"गुरवारी माझ्याकडं या," ते म्हणाले. "आन आता कुनाचा फोन आला तर ऐकू नका."

"बगू," ती म्हणाली. "आदी डोस्क्यावर टोपी घाला. म्हस बुजंल." एवढं बोलून ती वळली आणि पदर डोळ्यांना लावून आत गेली. तिचे मालक ओसरीवरून म्हणाले, "आबा, रुसलो हुतो. चुकलं."

"म्या असतो तर म्या बी रुसलो असतो," आबा म्हणाले आणि पुढच्या दारात गेले.

दुसऱ्या दिवशी ते ठाण्यात आले. खुर्ची दिली तरी बसले नाहीत. दारात उभे राहूनच मला, दोन्ही हवालदारांना आणि अंमलदारांना बोलावणं केलं.

गुरुवारी आम्ही गेलो. सगळी वाडी खाचरात उतरली होती. माझं गाव दुष्काळी पट्ट्यातलं, मला बाजरी कळते, भात नाही. बायकांनी मला एका कडेला रोपांची पेंडी देऊन उभं केलं. माझी ओळ वाकडी जाऊ लागली, तशी कुणीतरी म्हणालं, "सायेब, ही वळ चोराच्या मागं गेली का काय?" बीटच्या हवालदारांच्या ओळीला सगळ्यांनी शाबासकी दिली, कारण ते जावई.

दहाच्या सुमारास जेसीबी आलाच. पुतण्या कोठडीत आहे, हे कुणी चालकाला कळवलं नव्हतं. पुण्याची पार्टी मात्र फिरकली नाही. चालक किकवीकडचा तरुण होता. बांधावर थांबून त्याने इंजिन बंद केलं. समोर गुडघाभर चिखलात सगळी वाडी आणि त्यात ठाण्याचे साहेब बघून त्याला काय करावं कळेना.

"खाली उतर," आबा म्हणाले. "आलाच हायेस तर चार पेंड्या लाव आन जेवून जा."

तो उतरला, पँट गुडघ्यापर्यंत दुमडली आणि लावू लागला. त्याचा हात माझ्यापेक्षा बराच चांगला होता. दुपारी डाळ, भात, बोंबलाचं कालवण आणि गूळ-तुपाची वाटी अशी पंगत बसली. शेवटचं खाचर हिरवं झालं तेव्हा आबा बांधावर बसून एकटेच बराच वेळ बघत होते. त्यांना कुणी हाक मारली नाही.

पुढे खटला उभा राहिला. खोट्या सहीचा तज्ज्ञांचा अहवाल आला, केंद्र सील झालं, तिथली बाकीची माणसंही आपापल्या घरी गेली. त्यांतल्या काहींच्या घरच्यांना ती कुठे आहेत याचा पत्ताही नव्हता. न्यायालयात आरोपीच्या वकिलांनी आबांच्या मानसिक स्थितीवर प्रश्न विचारले. आबांनी प्रत्येकाचं उत्तर दिलं. आरोपींना शिक्षा झाली.

या तपासाने मला एक सवय कायमची लावली. कुणी कुणाबद्दल तो वेडा आहे, संशयी आहे, बदफैली आहे, असं सांगायला लागलं, की मी तो शब्द बाजूला ठेवायला सांगायचो. त्याने काय केलं ते सांगा, कधी केलं ते सांगा, कुणी पाहिलं ते सांगा. अर्ध्या तक्रारी तिथेच विरघळायच्या आणि उरलेल्या पक्क्या व्हायच्या. एका शब्दात सगळं बसवता येतं तेव्हा त्यात काहीच सापडत नाही. माझ्या सरांनी हे मला निबंधाच्या निमित्ताने शिकवलं होतं, पटलं मात्र वेल्ह्यात. दुसरी गोष्ट मी त्या बाईकडून घेतली. एखाद्या गावात काय मोडलं म्हणून लोकांना राग येतो, हे नीट ऐकलं, तर त्या गावात काय घडलंय तेही कळतं. पुढच्या प्रत्येक ठाण्यात नव्या अधिकाऱ्यांना मी हे सांगत आलो.

त्या गुरुवारी लावणी उरकून आम्ही हातपाय धुतले आणि जीपकडे निघालो, तेव्हा ती शेजारीण आडवी आली.

"कुठं निगालात, सायेब?"

"ठाण्यावर."

"जेवलात ना आबांकडं? मग शनवारी आमची इर्जिक हाय. इर्जिकीत जेवलेल्या मानसाला फुडल्या घरचं चुकवता येत न्हाई. फोनवर सांगत न्हाई, तोंडावर सांगतेय."

शनिवार म्हणजे पर्यटकांचा बंदोबस्त. सकाळचा बंदोबस्त मी माझ्या दुय्यम अधिकाऱ्यांवर सोपवला आणि अर्ध्या दिवसाच्या किरकोळ रजेचा अर्ज लिहिला. कारणाच्या रकान्यात ‘घरगुती काम’ लिहायची पद्धत आहे. मी लिहिलं, ‘भातलावणी’. उपविभागीय पोलीस अधिकाऱ्यांनी अर्ज दोनदा वाचला, माझ्याकडे बघितलं आणि काही न विचारता सही केली.